नाव कोणत्या वारचे, कोणामागून आलेले

घानाचे पहिले राष्ट्राध्यक्ष क्वामे एन्क्रुमा यांची अधिकृत जन्मतारीख २१ सप्टेंबर १९०९ आहे. ती त्यांना बाप्तिस्मा देणाऱ्या कॅथलिक धर्मगुरूने अंदाजाने लिहिलेली होती, आणि त्यांच्या आईच्या हिशेबाने तर जन्माचे साल १९१२ निघत होते. १९५७ साली प्रसिद्ध झालेल्या आत्मचरित्रात एन्क्रुमा यांनी हा गुंता स्वतःच सोडवायला घेतला. किनाऱ्यावर रुतलेल्या एका मालवाहू जहाजाची त्यांना लहानपणापासून आठवण होती. ते जहाज १९१३ साली रुतल्याची नोंद होती. आणि आईचे साल खरे धरले तर वर्षभराच्या मुलाला ते आठवणे शक्य नव्हते. म्हणून साल १९०९ ठरले. दिवस ठरवायला मात्र दप्तरातला कोणताही कागद लागला नाही. सप्टेंबरच्या मध्यावर, शनिवारी, दुपारच्या सुमारास मूल झाले एवढे घरात पक्के ठाऊक होते, आणि शनिवारी झालेल्या मुलाचे नाव क्वामे. २१ सप्टेंबर १९०९ रोजी मंगळवार होता; त्याआधीचा शनिवार १८ तारखेला येतो. आपला जन्म बहुधा १८ सप्टेंबरचा असावा, असा निष्कर्ष त्यांनी काढला.

कोशातल्या नोंदी तपासण्यात माझी उमेदीची वर्षे गेली, त्यामुळे हा हिशेब मला फार मोलाचा वाटतो. धर्मगुरूच्या वहीतली तारीख एका नावाने खोडून काढली. अर्थात नावाची साक्षसुद्धा उलटतपासणीशिवाय घेता येत नाही, कारण अमेरिकेत शिकत असताना हेच गृहस्थ आपल्या नावात ‘कोफी’ लावत असत, आणि घानातल्या अकान लोकांत कोफी हा शुक्रवारचा असतो. एकाच माणसाच्या नावात दोन वार आले की तपासणाऱ्याने थांबायचे असते आणि कोणते नाव कोणी, केव्हा, कशासाठी लावले हे विचारायचे असते. पश्चिम आफ्रिकेतल्या नावांची शहानिशा करताना मला जी एक गोष्ट सर्वांत महत्त्वाची वाटत आली आहे ती हीच आहे. तिथे पुष्कळ नावांच्या पोटी जन्माची हकिगत असते, आणि ती हकिगत विचारल्याशिवाय नुसता अर्थ खरा की खोटा हे ठरत नाही.

या विषयात मी शिरले ते भाचीमुळे. तिचा नवरा योरुबा, नायजेरियातल्या इबादान शहरातला. दोघे इंग्लंडात राहतात. तिला मुलगी होणार हे कळल्यावर तिने मला नावांची एक यादी पाठवली आणि म्हणाली, “मावशी, तू आयुष्यभर हेच काम केलंस, एकदा नजर टाक.” यादीचे शीर्षक ‘आफ्रिकी नावे’ असे होते आणि तिच्यात तीन रकाने होते: नाव, मुलगा की मुलगी, आणि अर्थ. भाषेचा रकानाच नव्हता. एकट्या नायजेरियात पाचशेहून अधिक भाषा बोलल्या जातात. ज्या यादीत नाव कोणत्या भाषेतले हे लिहिलेले नाही, त्या यादीतला अर्थ तपासायचा तरी कशाशी? म्हणून मी पहिले काम केले ते चौथा रकाना आखण्याचे, आणि पुढे त्याला पाचवा जोडला: हे नाव कोणत्या परिस्थितीत ठेवतात.

अकान नावे त्या मानाने सरळ वाटतात. सोमवारचा मुलगा क्वाद्वो किंवा कोजो, मंगळवारचा क्वाबेना, बुधवारचा क्वाकू, गुरुवारचा याव, शुक्रवारचा कोफी, शनिवारचा क्वामे, रविवारचा क्वासी. मुलींची अनुक्रमे अद्वोआ, अबेना, अकुआ, या, अफुआ, आमा, अकोसुआ. या नावाला अकानांच्या ट्वी भाषेत ‘क्रादिन’ म्हणजे जिवाचे नाव म्हणतात, आणि ते निवडायचे नसतेच, ते मूल स्वतःबरोबर घेऊन येते. आईबाप जे निवडतात ते पुढचे नाव. बासेल मिशनचे योहान क्रिस्टालर यांनी १८८१ साली असान्टे आणि फान्टी भाषेचा कोश छापला, त्यात ही नावे आहेत, त्यामुळे या गटाची खातरजमा निदान सव्वाशे वर्षे मागे जाऊन करता येते. यादीत ‘कोफी: शुक्रवारी जन्मलेला’ असे लिहिलेले असेल तर ते बरोबर आहे. पण गुरुवारी जन्मलेल्या मुलाला केवळ कानाला गोड लागते म्हणून कोफी म्हटले, तर घानातल्या कुमासी शहरातला माणूस त्याचा जन्मवार शुक्रवार धरणार, आणि त्या मुलाला जन्मभर ते दुरुस्त करत बसावे लागणार.

संयुक्त राष्ट्रसंघाचे सरचिटणीस राहिलेले कोफी अन्नान यांचे पूर्ण नाव या दृष्टीने पाहण्यासारखे आहे. कोफी अट्टा अन्नान. त्यांचा जन्म ८ एप्रिल १९३८ चा, कुमासीचा. त्या दिवशी शुक्रवार होता, म्हणजे कोफी जुळते. अट्टा म्हणजे जुळ्यांपैकी एक. त्यांना एफुआ अट्टा नावाची जुळी बहीण होती, आणि एफुआ हे शुक्रवारच्या मुलीचे, अकानांच्याच फान्टी बोलीतले रूप, म्हणजे तेही जुळते. अन्नान म्हणजे चौथे अपत्य. इथे मात्र जपून पाऊल टाकावे लागते, कारण अन्नान हे त्यांच्या वडिलांच्याही नावात होते. मिशनच्या शाळा आणि इंग्रजांची दप्तरे आल्यावर जी नावे एका माणसापुरती होती ती आडनावे होऊन पिढ्यान्‌पिढ्या उतरू लागली, आणि ‘चौथा’ हा क्रम एका माणसाचा न राहता घराण्याचा झाला. एन्क्रुमा या नावाचा अर्थ ‘नववे अपत्य’ असा देतात; पण ते आईचे एकुलते एक होते, म्हणून हा क्रम लावायचाच तर वडिलांच्या बाजूने लावावा लागतो, जिथे इतर बायकांपासून झालेली पुष्कळ मुले होती. तीन शब्दांच्या एका नावात एक शब्द वाराचा, एक जन्माच्या प्रकाराचा आणि एक वारशाने आलेला असेल, तर तिघांची तपासणी तीन निरनिराळ्या ठिकाणी होते.

शेजारी जाऊन पाहिले की वारही हलतात. एवे लोकांनी वारांची नावे जवळजवळ तशीच ठेवली आहेत. आयव्हरी कोस्टमधल्या बाउले लोकांत मात्र हीच नावे एकेक दिवस पुढे सरकलेली आहेत: घानातला कोफी शुक्रवारचा, तर बाउलेंचा कोफी शनिवारचा, घानातला क्वामे शनिवारचा, तर बाउलेंचा रविवारचा. दोन्ही भाषा एकाच कुळातल्या, मधे फक्त एक सरहद्द, आणि तरी अर्थाच्या रकान्यात वेगळा वार लिहावा लागतो. समुद्रापलीकडे तर याहून मोठी उलथापालथ झाली. जमैकात कोजोचा कुजो झाला, क्वाकूचा क्वाको, आणि मॅसॅच्युसेट्समध्ये एका कोफीच्या मुलाने बापाचे हे पहिले नाव आडनाव म्हणून घेतले, तो जहाजांचा मालक पॉल कफी. ही नावे ओळखू आली की आनंद होतो, पण त्यांवरून माणसाचे मूळ गाव ठरवण्याची घाई करू नये. क्लोटिल्डा या गुलामांच्या जहाजातून १८६० साली अलाबामात आणलेला कोसोला हा आजच्या बेनिनमधला, योरुबा बोलणारा होता. विकत घेणाऱ्याला त्याचे नाव उच्चारता येईना, तेव्हा ‘मग मला कुजो म्हणा’ असे त्यानेच सांगितले, आणि कुजो लुइस या नावाने तो १९३५ पर्यंत जगला. त्याच्या नावावरून कोणी त्याला सोमवारी जन्मलेला अकान ठरवले असते, तर वार आणि लोक दोन्ही चुकण्याची भीती होती. हे खरे कळते ते त्याने स्वतः सांगितलेली हकिगत १९२७ च्या सुमारास लिहून घेतली गेली म्हणून.

भाचीला हवी होती योरुबा नावे, आणि माझा सर्वाधिक वेळ तिथेच गेला. योरुबा लोक नावांचे जे प्रकार मानतात त्यांत ‘आमुतोरुन्वा’ म्हणजे स्वर्गातून बरोबर आणलेले नाव हा पहिला. जुळ्यांपैकी जे आधी बाहेर येते ते तायवो, म्हणजे जगाची चव घेऊन पाहणारे. नंतर येते ते केहिंदे, आणि थोरले तेच मानतात, कारण धाकट्याला पुढे पाठवून जग कसे आहे ते पाहून ये असे सांगण्याचा मान थोरल्याचा. जुळ्यांच्या पाठीवरचे मूल इदोवू, त्याच्या पाठीवरचे अलाबा. पायाळू जन्मले तर इगे. गळ्याभोवती नाळ घेऊन आले तर मुलगा ओजो, मुलगी आयना. उपडे, म्हणजे तोंड जमिनीकडे करून जन्मले तर आजायी. जन्मतःच जटा असलेले दादा. भाचीच्या यादीत यांतली चार नावे होती आणि प्रत्येकापुढे गोड अर्थ होता. इदोवूपुढे ‘जुळ्यांनंतरचे’ असेही बरोबर लिहिले होते, पण ज्या घरात जुळी झालेलीच नाहीत तिथे ते ठेवता येत नाही, हे सांगणारी ओळ नव्हती. नायजेरियातल्याच इग्बो भाषेतले ‘अडा’ हेही त्याच यादीत होते. अडा म्हणजे मुलगी असे तिथे लिहिले होते. इग्बो घरात अडा ही थोरली मुलगी असते, आणि तो तिचा घरातला हुद्दाच असतो. दुसऱ्या मुलीला ते नाव ठेवले तर थोरलीचा अधिकार काढून घेतल्यासारखे होते.

सॅम्युअल आजायी क्राउथर यांची गोष्ट इथे सांगायलाच हवी. हा योरुबा मुलगा १८२१ साली गुलाम म्हणून पकडला गेला, विकला गेला, जहाजात चढवला गेला, आणि १८२२ साली ब्रिटिश आरमाराने ते जहाज धरून त्याला सिएरा लिओनच्या फ्रीटाउन बंदरात उतरवले. बाप्तिस्म्यात त्याला एका इंग्रज माणसाचे नाव मिळाले. पुढे तो अँग्लिकन पंथाचा पहिला आफ्रिकी बिशप झाला, ते १८६४ साली. या सगळ्या प्रवासात त्याने आजायी हे नाव सोडले नाही, आणि त्यामुळे त्याच्या जन्माच्या क्षणाची एक खूण आजवर टिकून आहे. योरुबा भाषेचा शब्दसंग्रह छापणाऱ्या पहिल्या लोकांत हाच आजायी होता, १८४३ साली. ज्याने भाषेचे शब्द पहिल्यांदा नीट मांडून ठेवले त्याचे स्वतःचे नाव कोणत्याही कोशाच्या मदतीशिवाय आपली हकिगत सांगते, हे मला फार मोठे वाटते.

क्राउथरना आणि त्यांच्यानंतरच्या सर्वांना जी अडचण आली ती सुरांची. योरुबात प्रत्येक स्वराला खालचा, मधला किंवा वरचा सूर असतो; तिथले शिक्षक तो मुलांना डो, रे, मी असे म्हणून शिकवतात, आणि दुंदुन नावाचा ढोल हेच सूर वाजवून माणसांची नावे घेतो. सूर बदलला की शब्द बदलतो. एकाच अक्षरांचा ‘ऑको’ सुरांप्रमाणे नवरा, कुदळ, गाडी किंवा भाला होतो. भाचीच्या सासूबाईंना, म्हणजे आमच्या इबादानच्या विहीणबाईंना, मी फोनवर ‘ऑला’ या शब्दाबद्दल विचारले, कारण यादीतल्या निम्म्या योरुबा नावांत तो होता. त्यांनी तो दोनदा म्हणून दाखवला. एकदा मधून वर चढत: मान, प्रतिष्ठा. एकदा खालून मध्यावर येत: उद्याचा दिवस. मी दोन्ही लिहून घेतले आणि कागदावर ते सारखेच दिसले. इंग्रजी छपाईत सुरांच्या खुणा आणि अक्षराखालचे टिंब गळून पडतात, आणि यादी करणारे त्या गळलेल्या अक्षरांवरूनच अर्थ लावतात. देवनागरीची थोडी मदत होते. यादीत ‘असाके’ असे वाचले जाणारे नाव खरे तर ‘आशाके’ आहे, कारण तिथल्या स खाली टिंब असते आणि त्याचा उच्चार श होतो; तो आपण सहज लिहू शकतो. सूर मात्र आपल्यालाही लिहिता येत नाहीत. योरुबा भाषातज्ज्ञ कोला तुबोसून यांनी २०१५ च्या सुमारास योरुबा नावांचा जो ध्वनिकोश उभारायला घेतला, त्यात नाव सुरांच्या खुणांसह छापलेले असते, त्याचे तुकडे पाडून दाखवलेले असतात आणि उच्चार ऐकता येतो. कोशकामाची सवय असलेल्या माणसाला अशी नोंद पाहून समाधान वाटते. मी यादीतली योरुबा नावे एकेक करून त्याच्याशी ताडून पाहिली.

आशाके, आदुके, आजोके, अबेनी ही ‘ओरिकी’ म्हणजे लाडाची, स्तुतीची नावे. ती आजीआजोबांच्या तोंडी असतात, मुलाला समजावताना किंवा त्याचे कौतुक करताना घ्यायची. अबेनी म्हणजे विनवणी करून मिळवलेली, आमच्याकडच्या भिकूसारखी. घराण्याच्या दैवतावरून पडणारी नावे हा आणखी एक मोठा गट. ओगुन हा लोखंडाचा देव, इफा ही भविष्यकथनाची विद्या, ओशुन ही नदी आणि देवी. त्यांवरून सुरू होणारी नावे पाहिली की पूर्वजांची उपासना कळते. ख्रिस्ती झाल्यावर पुष्कळ घरांनी नावाचा हा पहिला तुकडा काढून तिथे ‘ओलू’ किंवा ‘ओलूवा’, म्हणजे प्रभू, बसवला आणि बाकीचे नाव तसेच ठेवले. म्हणून ओलूने सुरू होणारे नाव मूळचे तसेच आहे की दोन पिढ्यांपूर्वी बदललेले, हे नावावरून कळत नाही. घरातल्या म्हाताऱ्या माणसाला विचारावे लागते.

नायजेरियाच्या उत्तरेकडे हौसा लोकांच्या नावांत वेगळीच वाट दिसते. तलातू ही मंगळवारची मुलगी, लाराबा बुधवारची, जुम्माई शुक्रवारची, आणि दानजुमा शुक्रवारचा मुलगा. वारांचे हे शब्द अरबीतून आले, तिथे जुमा आहे, अर्बा आहे. वारावरून नाव ठेवण्याची हौसांची रीत मात्र त्यांची स्वतःची. सेनेगलमधले ममादू म्हणजे मुहम्मद, फातू म्हणजे फातिमा, आइसातू म्हणजे आयेशा. मूळ अरबी म्हणून ही नावे पश्चिम आफ्रिकी नव्हेत असे काही यादीवाले ठरवून टाकतात, ते मला मुळीच पटत नाही. सहारा ओलांडून इस्लाम तिथे जाऊन हजार वर्षे होत आली, आणि तेवढ्या काळात नावाने जो उच्चार धरला तो तिथल्याच लोकांचा आहे. मूळ आणि मालकी हे दोन वेगळे रकाने आहेत.

सर्वांत जपून हाताळावी लागतात ती कुरूप अर्थाची नावे. अकान घरात आधीची मुले गेली असतील तर नव्या बाळाला सुमिना म्हणजे उकिरडा, किंवा डोन्कोर म्हणजे उत्तरेकडून आणलेला गुलाम असे नाव देतात. योरुबात पुन्हा पुन्हा जन्मून मरणाऱ्या मुलाला ‘अबिकू’ म्हणतात आणि त्याला मालोमो म्हणजे आता जाऊ नकोस, दुरोजाये म्हणजे थांब आणि जग भोग, कोकुमो म्हणजे आता पुन्हा मरणार नाही अशी नावे ठेवतात. सेनेगलमधल्या वोलोफ भाषेत केन बुगुल, म्हणजे हे कोणालाच नको. १९८२ साली पहिले पुस्तक छापताना एका सेनेगली लेखिकेने तेच नाव टोपणनाव म्हणून घेतले आणि त्याच नावाने ती जगभर ओळखली जाते. मराठी माणसाला या नावांचा उलगडा करून सांगावा लागत नाही. आपले दगडू, धोंडू, केरबा हे याच भीतीतून आले: मरणाला मूल नकोसे वाटावे म्हणून. पण याच मराठीत नकुशाही आहे. मुलींवर मुली झाल्या म्हणून ठेवलेले ते नाव, आणि २०११ साली सातारा जिल्ह्यात अडीचशेहून अधिक नकुशांना समारंभाने नवी नावे देण्यात आली. केन बुगुल आणि नकुशा यांचा कोशातला अर्थ जवळजवळ एकच आहे. एकीच्या आईला ते मूल जीव जाईल इतके हवे होते, दुसरीच्या घरच्यांना ते खरोखरच नको होते. अर्थाचा रकाना हा फरक सांगू शकत नाही, आणि ज्यात हा फरक कळत नाही ती यादी कितीही मोठी असली तरी तिच्यावर मी विश्वास ठेवणार नाही.

इतिहासकारांनाही याच वाटेने जावे लागले आहे. गुलामगिरीतून सुटलेले ओलाउदा इक्वियानो यांनी १७८९ साली लिहिलेल्या आत्मकथेत आपण इग्बो प्रदेशात जन्मलो असे सांगितले आणि आपल्या नावाचे अर्थही दिले: नशिबाचा फेरा, भाग्यवान, आणि मोठ्या आवाजाचा, चांगला बोलणारा. पण लंडनच्या सेंट मार्गारेट चर्चमधली १७५९ ची बाप्तिस्म्याची नोंद त्यांचा जन्म अमेरिकेतल्या कॅरोलायनात झाल्याचे सांगते. त्यावर अभ्यासकांचा वाद अजून मिटलेला नाही. नाव इग्बो आहे हे सिद्ध झाले तरी जन्म इग्बो प्रदेशात झाला हे सिद्ध होत नाही, कारण नाव आईबापांकडून समुद्रापलीकडेही येऊ शकते. आणि चर्चमधली नोंद मुलाला विचारून केली की मालकाला, हे त्या नोंदीत लिहिलेले नाही.

फ्रीटाउनच्या दप्तरांत तर याहून अवघड काम पडून आहे. गुलामांचा व्यापार इंग्रजांनी बेकायदा ठरवल्यावर पकडलेल्या जहाजांतून जी माणसे फ्रीटाउनला आणि हवानाला उतरवली गेली, त्यांची नावे, वय, उंची, अंगावरच्या खुणा कारकुनांनी वहीत उतरवल्या. अशी ९१ हजारांहून अधिक माणसे. कारकून इंग्रज किंवा स्पॅनिश, नाव सांगणारा भेदरलेला, मधे दुभाष्या. कारकुनाने ऐकले तसे लिहिले. आता अभ्यासक ती नावे मोठ्याने म्हणवून घेतात आणि पश्चिम आफ्रिकेतल्या लोकांना विचारतात, हे तुमच्या भाषेतले नाव वाटते का? अमेरिकेत भाषातज्ज्ञ लॉरेन्झो डाउ टर्नर यांनी १९३० च्या दशकात हेच उलट्या दिशेने केले. जॉर्जिया आणि साउथ कॅरोलायनाच्या किनाऱ्यावरच्या बेटांवर राहणाऱ्या, गुलाम म्हणून आणलेल्या आफ्रिकी माणसांच्या वंशातल्या गुल्ला लोकांची घरगुती नावे त्यांनी हजारोंनी टिपली, आणि ती ओळखता यावीत म्हणून लंडनला जाऊन आफ्रिकी भाषा शिकले. १९४९ साली त्यांचा ग्रंथ आला, आणि त्याचा मोठा भाग नावांच्या याद्यांचाच आहे. त्यांतली काही साम्ये योगायोगाची असावीत, असा आक्षेप पुढच्या अभ्यासकांनी घेतला, आणि तो रास्तही आहे, कारण दोन अक्षरांचा ध्वनी पाचशे भाषांत शोधला तर कुठेतरी सापडतोच. पण नाव घेणाऱ्या माणसासमोर बसून ते ऐकायचे आणि मग त्या भाषेच्या माणसाला विचारायचे, ही त्यांची पद्धत मला आजही योग्य वाटते.

भाचीच्या यादीतली बरीचशी नावे या चाळणीतून गळाली. जी राहिली त्यांत येतुंदे होते, म्हणजे आई परत आली. घरातली वडीलधारी बाई गेल्यावर जन्मलेल्या मुलीचे हे नाव. भाचीची आजी, म्हणजे माझी आई, आदल्या वर्षी गेली होती, आणि आपल्याकडेही अशा वेळी ‘आजीच पोटी आली’ म्हणतात, त्यामुळे भाचीच्या मनात ते नाव पहिल्यापासून भरले होते. नवऱ्याचे म्हणणे पडले की हे आपण दोघांनी ठरवण्याचे नाव नव्हे. म्हणून मी विहीणबाईंना फोन केला.

त्यांनी लगेच होकार दिला नाही. त्यांनी प्रश्न विचारले. किती वयाच्या होऊन गेल्या? मुलांआधी गेल्या की मुले, नातवंडे मागे ठेवून? अंथरुणावर किती दिवस होत्या? माझ्या आईने भरले घर पाहिले होते, हे कळल्यावर त्यांचा आवाज मोकळा झाला. मग त्यांनी तिचे नाव विचारले. मी सांगितले, तर त्या म्हणाल्या, हे नाव तिच्या आईने ठेवलेले का? तेव्हा मला सांगावे लागले की ते लग्नात बदललेले नाव. ताटात तांदूळ पसरून नवऱ्याने त्यात अंगठीने लिहिलेले. माहेरचे नाव वेगळे असणार. त्या म्हणाल्या, परत यायचे तर ती जन्माच्या नावाने येईल, ते शोधा.

ते नाव आम्हा बहिणींपैकी कोणाच्याही कानावर आलेले नव्हते. वाईला माझा मामा आहे, वय झालेले, पण स्मरण शाबूत. मी त्याला फोन करून विचारले. तो म्हणाला, “अगं, ती कृष्णा. नदीला पूर आला होता तेव्हा झाली, म्हणून वडलांनी ठेवलं.” मी त्याला साल विचारले आणि त्याने सांगितलेले साल आईच्या शाळेच्या दाखल्याशी ताडून पाहिले; दाखल्यावरही कृष्णा हेच नाव होते.

विहीणबाईंना मी ते कळवले आणि ते नदीचे नाव असल्याचेही सांगितले. त्यांच्या आजीचे नाव ओशुनने सुरू होत असे, आणि बाप्तिस्म्यानंतर घरच्यांनी ते ओलूवाने बदलले, ही गोष्ट त्यांनी मला तेव्हा प्रथम सांगितली. आठव्या दिवशी, मध, मीठ, पाणी आणि कोला फळ मांडून, त्यांनी स्वतः नाव ठेवले: आधी येतुंदे, तिन्ही अक्षरे वरच्या सुरात, मग आजोबांनी दिलेले ओलूवाचे नाव, मग त्यांच्या तोंडचे ओरिकी, आजोके, आणि शेवटी कृष्णा. जन्मनोंदणीच्या अर्जात भाचीने चारही लिहिली.